ठाण्याच्या टू बीएचकेमध्ये बसून स्वेन निकविस्ट कसा शिकायचा

शॉर्टफिल्म करायचीय, हातात कॅमेरा आहे नाहीतर नुसता फोन आहे, आणि सगळ्यांचा पहिला प्रश्न ठरलेला, लाइट कुठले घेऊ. मग कोणी सांगतं सॉफ्टबॉक्स घे, म्हणजे पांढऱ्या कापडातून मऊ उजेड देणारा लाइट, कोणी म्हणतं रंग बदलणारी आरजीबी ट्यूब घे, ईएमआय बसेल पण फ्रेम काय दिसेल बघ. माझं उत्तर ऐकून बरेच जण वैतागतात, तरी सांगतो: सध्या काहीच घेऊ नका. त्याऐवजी स्वीडनच्या एका कॅमेरामनचं काम ओळीने बघा, स्वेन निकविस्ट त्याचं नाव, आणि तो जे करायचा ते आपल्या घरात, आपल्या खिडकीशी करून बघा. ह्या माणसाने आयुष्यभर लाइट वाढवत नाही, कमी करत नेले, आणि त्याच जोरावर दोन ऑस्कर घेतले. हे कुठल्या क्रमाने शिकायचं आणि ठाणे-नवी मुंबईच्या फ्लॅटमध्ये त्यातलं काय चालतं, काय चालत नाही, एवढंच इथे लिहितोय.

आधी माणूस कोण ते पटकन. जन्म ३ डिसेंबर १९२२, स्वीडनमधलं मोहेडा नावाचं गाव. आईवडील मिशनरी, ते बेल्जियन काँगोमध्ये, आणि पोरगं इकडे नातेवाईकांकडे वाढलं. वडिलांना फोटोग्राफीचा नाद होता. १९४१ मध्ये सँड्र्यूज नावाच्या फिल्म कंपनीत असिस्टंट कॅमेरामन म्हणून लागला, मधे रोमच्या सिनेचित्ता स्टुडिओत वर्षभर काढून आला, १९४५ ला स्वतःच्या नावावर पहिला सिनेमा. स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमनबरोबर पहिलं काम १९५३ च्या 'सॉडस्ट अँड टिन्सेल'वर, तेही दुसऱ्या कॅमेरामन लोकांबरोबर वाटून. खरी जोडी जमली १९६० च्या 'द व्हर्जिन स्प्रिंग'पासून आणि मग दोन दशकं ती चालली. 'क्राइज अँड व्हिस्पर्स' (१९७२) आणि 'फॅनी अँड अलेक्झांडर' (१९८२), ह्या दोन्हींना ऑस्कर. २००६ मध्ये गेला.

बघायचं कसं

क्रम महत्त्वाचा आहे. थेट 'फॅनी अँड अलेक्झांडर'ने सुरुवात केली तर सेट, कपडे, ख्रिसमसची पंगत ह्यातच अडकाल आणि लाइट राहील बाजूला. म्हणून मी सांगतो, सुरुवात निकविस्टच्या नसलेल्या सिनेमाने करा. 'द सेव्हन्थ सील', १९५७, दिग्दर्शक बर्गमनच, पण कॅमेरा गुन्नार फिशरचा. कडक लाइट, काळ्याभोर सावल्या, चेहरे कोरून काढल्यासारखे. मग लगेच दुसऱ्या दिवशी 'विंटर लाइट' लावा, १९६३ चा, हा निकविस्टचा. गुन्नार ब्योर्नस्ट्रांड नावाचा नट दोन्हीकडे आहे, पहिल्यात सरदाराचा सेवक आणि दुसऱ्यात श्रद्धा हरवलेला पाद्री. तोच चेहरा, तोच दिग्दर्शक, दोन्ही ब्लॅक अँड व्हाइट, आणि सहा वर्षांत लाइटची अख्खी भाषा बदललेली, एवढं उघड उदाहरण शोधून सापडणार नाही. आता ह्यात फिशर वाईट आणि निकविस्ट चांगला असं अजिबात नाही हां, मला स्वतःला 'सेव्हन्थ सील' बघायला जास्त आवडतो, फक्त घरी बसून शिकायला निकविस्ट सोयीचा, कारण त्याला लागतं ते आपल्याकडे असतं, खिडकी आणि माणूस.

त्यानंतर 'पर्सोना' (१९६६), मग 'क्राइज अँड व्हिस्पर्स', मग 'फॅनी', आणि शेवटी रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्कीबरोबर केलेला 'द सॅक्रिफाइस' (१९८६). ओटीटीवर हे सिनेमे येतात आणि गायब होतात, दिसला की बघून टाका. मुंबईत प्रभात चित्र मंडळासारख्या फिल्म सोसायट्या आहेत, त्यांच्या स्क्रीनिंगवर लक्ष ठेवा, मोठ्या पडद्यावर बघितलेला क्लोजअप आणि फोनवर बघितलेला क्लोजअप ह्यात जमीन-अस्मानाचा फरक आहे.

प्रत्येक सिनेमा दोनदा. पहिल्यांदा सरळ, प्रेक्षक म्हणून, वही-पेन लांब ठेवून. दुसऱ्यांदा आवाज बंद करून, आणि कुठलाही क्लोजअप आला की पॉज. आता नटाच्या डोळ्यात बघा, बुबुळावर पांढरा ठिपका किंवा चौकोन असतो, तो म्हणजे लाइट. किती ठिपके आहेत, कुठल्या बाजूला, वर की खाली, गोल की चौकोनी. फक्त एवढ्यावरून लाइट कुठे ठेवला होता ते नव्वद टक्के कळतं. रिंगलाइटवर शूट केलेलं कुठलंही रील घ्या, डोळ्यात बांगडी दिसेल. सिरियलमध्ये दोन-तीन ठिपके, कारण सगळीकडून लाइट मारलेला असतो. निकविस्टच्या क्लोजअपमध्ये बहुतेक वेळा एकच मोठी मऊ चमक. नटाचे डोळे दिसले नाहीत तर बाकी सगळं फुकट, असं मानणारा हा माणूस होता, आणि चेहऱ्यांच्या क्लोजअपचं त्याचं वेड इतकं प्रसिद्ध की दोन चेहरे आणि एक चहाचा कप एवढंच तो शूट करतो अशी त्याची थट्टा व्हायची.

११ ते २

आता मुख्य धडा. 'विंटर लाइट'ची गोष्ट नोव्हेंबरातल्या एका रविवारी तीनेक तासांत घडते, आणि बरीचशी चर्चमध्ये. शूटिंगच्या आधी बर्गमन आणि निकविस्ट खऱ्या चर्चमध्ये जाऊन नुसते बसले, ११ ते २, आणि त्या वेळात लाइट कसा सरकतो ते बघत राहिले. त्यातून त्यांच्या लक्षात आलं की ढगाळ दिवशी आत सावलीच पडत नाही, लाइट बदलतो पण इतका हळू की बसून बघितल्याशिवाय कळत नाही. मग स्टुडिओतल्या सेटवर तेच करायचं ठरलं, सरळ चेहऱ्यावर लाइट मारायचा नाही, सगळा लाइट कशावर तरी आपटून नाहीतर कशातून तरी गाळून आणायचा. निकविस्टच्या करिअरचं वळण म्हणाल तर ते हे, आणि ते कुठल्या नव्या कॅमेऱ्याने किंवा लेन्सने आलं नाही, बसून बघण्याने आलं.

तर रविवारी तुम्हीही बसा. हॉलमध्ये किंवा किचनमध्ये, ११ ते २. फोन एका जागी ठेवा, ट्रायपॉड नसेल तर पुस्तकांच्या शेल्फवर टेकवून, पण हलता कामा नये. स्क्रीनवर बोट दाबून फोकस आणि एक्स्पोजर लॉक करा, प्रो मोड असेल तर व्हाइट बॅलन्स, म्हणजे फोटोची पिवळी-निळी झाक ठरवणारं सेटिंग, ५६०० केल्विनवर ठेवून द्या, ऑटोवर ठेवलात तर ढग आला की फोन स्वतःच सगळं सारखं करून टाकतो आणि तुम्हाला जो फरक बघायचाय तोच पुसला जातो. दर दहा मिनिटांनी एक फोटो. सोबत वहीत लिहा: उन्हाची कड कितव्या लादीवर आहे, कुठली भिंत उजळलीय, छताला उजेड कुठून लागतोय, ग्रिलच्या सावल्या कुठे. घरच्यांना सांगा रोजचं चालू दे, कोणी मधे आलं तर येऊ दे.

पहिला अर्धा तास कंटाळा येईल. मग गमती दिसायला लागतात. आपल्याकडे टॉवर इतके दाटीवाटीने आहेत, वसंत विहार घ्या, कोलशेत घ्या, नेरूळ-सीवूड्स घ्या, की घरात येणारा बराचसा लाइट सूर्याचा नसतोच, समोरच्या विंगच्या भिंतीचा असतो. बाराच्या सुमाराला समोरची क्रीम कलरची भिंत तापते आणि तुमच्या ओट्यावर, जिथे कधी ऊन येत नाही तिथे, मस्त पसरट उजेड येतो आणि अर्ध्या-पाऊण तासात निघून जातो. हजारो रुपये देऊन जो सॉफ्ट लाइट लोक भाड्याने आणतात तोच हा, फुकट, फक्त त्याचं टाइमटेबल तुम्हाला पाठ पाहिजे. हा प्रयोग पावसाळ्यात एकदा आणि हिवाळ्यात एकदा कराच, घर तेच असतं पण दोन वेगळी लोकेशन मिळतात.

स्वीडनचं ऊन आणि आपलं ऊन

इथे बऱ्याच यूट्यूब व्हिडिओंची गडबड होते, ते सांगतात निकविस्टसारखं करा, खिडकीजवळ बसवा, झालं. अरे पण स्टॉकहोम कुठे आणि ठाणं कुठे. स्टॉकहोम साधारण ५९ अंश उत्तरेला, ठाणं १९ अंशावर. डिसेंबरच्या शेवटी भर दुपारी तिथे सूर्य क्षितिजाच्या जेमतेम ७ अंश वर असतो, आपल्याकडे त्याच दिवशी ४७ अंश वर. दक्षिणेकडच्या खिडकीचा वरचा काठ जमिनीपासून सात फुटांवर धरला तर आपल्याकडे ऊन साडेसहा फूट आत येईल, आणि तिथे तेवढ्याच खिडकीतून ते पन्नास फुटांच्या पुढे जाईल, म्हणजे हॉल, पॅसेज, बेडरूम सगळं ओलांडून. त्यांना आडवा लाइट दिवसभर मिळतो, चेहऱ्यावर बाजूने येणारा, डोळ्यांत शिरणारा. आपला लाइट डोक्यावरून येतो. मेच्या मध्यात आणि परत जुलैच्या शेवटच्या आठवड्यात तर दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर, सावली पायाखाली. अशा वेळी गच्चीत कोणाला उभं केलं की डोळ्यांच्या खोबणीत अंधार, नाक आणि गालाचं हाड चमकतंय, आणि कपाळावर घाम.

म्हणून आपण तीन गोष्टी वेगळ्या करायच्या. एक, आडवा लाइट पाहिजे तर वेळ पाळा, डिसेंबर-जानेवारीत सकाळी साडेनऊपर्यंत आणि संध्याकाळी साडेचारनंतर, उन्हाळ्यात तो वेळ अजून आखडतो. दोन, भर दुपारी शूट करायचंच असेल तर माणसाला खिडकीच्या आत घ्या, जिथे ऊन पडत नाही पण बाहेरचा उजेड येतो, आणि लादीवर पडलेल्या उन्हाच्या तुकड्यावर पांढरी चादर टाका, उजेड खालून वर उठतो आणि खोबणी भरतात. तीन, पावसाळा वाया घालवू नका. लोक जून ते सप्टेंबर कॅमेरा बॅगेत भरून ठेवतात आणि मला कळत नाही का, येऊरच्या डोंगरावर ढग उतरले की अख्खं आभाळ एक मोठा सॉफ्टबॉक्स झालेलं असतं, निकविस्टच्या चर्चमध्ये जसा होता तसा बिनसावलीचा लाइट आपल्याला वर्षातले चार महिने मिळतो. फक्त सिलिका जेलची पाकिटं बॅगेत टाका, लेन्सला बुरशी धरायला ह्या हवेत वेळ लागत नाही.

खोलीत नेमकं काय करायचं

सगळ्यात आधी घरातली ट्यूब, एलईडी बॅटन, देवघराचा लाल बल्ब, सगळं बंद. एकच खिडकी उघडी ठेवायची, बाकीचे पडदे ओढायचे. स्लायडिंगला टिंटेड काच असेल तर ती सरकवून टाका, नाहीतर चेहऱ्यावर हिरवट झाक येते आणि मग ती एडिटमध्ये काढत बसा. आता आईला सांगा की खिडकीशी खुर्ची घेऊन गवार मोडायला बस. गंमत नाही करत, हातात काम असलेला माणूस कॅमेऱ्याकडे लक्ष देत नाही आणि चेहरा खाली-वर होत राहतो, त्यामुळे लाइट कुठल्या कोनात चांगला दिसतो ते तुम्हाला आपोआप दिसतं. मान खाली असते तेव्हा पापण्यांची सावली गालावर, आणि 'अरे झालं का रे तुझं' म्हणून ती वर बघते तेव्हा दोन्ही डोळ्यांत खिडकी येते, ग्रिलच्या उभ्या गजांसकट. ती फ्रेम पकडायची.

खुर्ची खिडकीपासून दोन फुटांवर ठेवली तर चेहऱ्याच्या मानाने खिडकी मोठी होते, सावलीची कड मऊ होते आणि मागची भिंत अंधारात जाते. सहा-सात फुटांवर नेली तर उजेड कमी, पण चेहरा आणि भिंत साधारण एकाच उजेडात येतात आणि फ्रेम सपाट होते. दोन्ही काढून ठेवा, शेजारी-शेजारी लावून बघा. एक्स्पोजर चेहऱ्यावर घ्या आणि मग किंचित खाली ओढा, फोन नेहमी गरजेपेक्षा उजळ काढतो. फोनची साधी वाइड लेन्स नाकाला मोठं करते, तेव्हा टू एक्स घ्या आणि चार पावलं मागे जा.

दुसरी बाजू फार काळी पडली तर तिथे पांढरं काहीतरी उभं करा. सेटवर ह्याला थर्माकोलच म्हणतात, 'जरा थर्मा दे' असं ओरडलं की लाइटमन घेऊन येतो. आपल्या माळ्यावर टीव्हीच्या खोक्यातला पडलेला असतो, तो काढा, नसेल तर पांढरा सनबोर्ड आणा. जवळ-लांब करत बघा, आणि हे महत्त्वाचं, मग तो काढून टाकून परत बघा. दहातल्या सहा वेळा काढलेलाच बरा वाटतो. निकविस्ट म्हणायचा की साधेपणापर्यंत पोचायला त्याला तीस वर्षं लागली, आपण निदान थर्माकोल काढून बघू शकतो.

आणि हा बाउन्सचा, म्हणजे लाइट कशावर तरी आपटून आणण्याचा प्रकार युरोपातून आला असं कोणी सांगितलं तर त्याला सत्यजित रायचा कॅमेरामन सुब्रत मित्रा सांगा. 'अपराजितो', १९५६, बनारसच्या घराचा चौक स्टुडिओत उभारलेला, वर पांढरं कापड ताणलं आणि खालून त्यावर लाइट मारले, तो उजेड परत खाली आला तेव्हा चौकावर खरं आभाळ आहे असं वाटलं. म्हणजे 'विंटर लाइट'च्या सहा-सात वर्षं आधी. निकविस्टचं मोठेपण त्याने कमी होत नाही, पण आपल्या माणसाचं नाव आपल्याला माहीत नसावं हे काही बरं नाही.

लाइट घ्यायचाच असेल तर इथे, ह्या टप्प्यावर घ्या, आणि एकच घ्या. साधा पांढरा एलईडी, चांगल्या सीआरआयचा (रंग किती खरे दिसतात त्याचा आकडा, १०० पैकी), ९५ च्या वरचा. तो चेहऱ्याकडे कधीच वळवायचा नाही, भिंतीवर किंवा छतावर मारायचा, नाहीतर ट्रेसिंग पेपर ताणलेल्या फ्रेममधून आणायचा. खिडकी जिथे आहे त्याच बाजूने. रात्रीचा सीन असेल आणि घरातली ट्यूब चालू ठेवावीच लागली तर शटर १/५० किंवा १/१०० ठेवा आणि फ्रेमरेट २५, आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे, बाकी सेटिंगला फ्रेममध्ये पट्टे फिरायला लागतात. स्वस्त बॅटन असेल तर हे करूनही लुकलुकतो, मग तो बदलण्याशिवाय इलाज नाही.

रंग

पहिले काही महिने ब्लॅक अँड व्हाइटमध्येच काढा. निकविस्टने बर्गमनबरोबरचा पहिला रंगीत सिनेमा १९६४ ला केला, 'ऑल दीज विमेन', आणि त्यानंतर परत 'पर्सोना', 'शेम' काळे-पांढरेच. रंग नसला की लपायला जागा नसते, लाइट चुकला की दिसतो.

रंगीतकडे वळलात की 'क्राइज अँड व्हिस्पर्स' परत लावा. स्टॉकहोमपासून फार लांब नसलेल्या टाक्सिंगे-नेसबी नावाच्या खऱ्या वाड्यात १९७१ च्या शरदात शूट केलेला, भिंती लाल, गालिचे लाल, पडदे लाल, आणि सीन संपला की पडदा काळा न होता लाल होतो. बर्गमनच्या डोक्यात लहानपणापासून आत्म्याचा आतला रंग लाल होता म्हणे. पण लाल भिंत म्हणजे कॅमेरामनला ताप, कारण तिच्यावरून उठलेला उजेड चेहऱ्यावर लाल पडतो. म्हणून शूटिंगच्या आधी रंगांच्या टेस्ट करून घेतल्या, भिंतीला, कपड्यांना, कातडीला, कुठला लाल फिल्मवर कसा येतो ते बघून.

आपल्या घरात हेच होतं फक्त कोणी बघत नाही. पिस्ता भिंतीशेजारी बसलेला माणूस आजारी दिसतो, पीच भिंतीशेजारी ताजातवाना. पांढरा कागद हातात धरून घरभर फिरा, प्रत्येक भिंतीपासून फूटभर अंतरावर कागदाचा फोटो काढा, व्हाइट बॅलन्स लॉक करून. कागद जिथे जसा दिसतो, गाल तिथे तसाच दिसणार. लोकेशन बघायला जाल तेव्हा हीच टेस्ट तिथे करा, मालकाला वाटेल हे काय चाललंय, वाटू दे.

चेहरा

'विंटर लाइट'मध्ये इंग्रिड थुलीन सरळ कॅमेऱ्यात बघत एक पत्र बोलते, काही मिनिटं, मागे काही नाही, बाजूला काही नाही, नुसता चेहरा. आणि नजर हटत नाही. हा स्वाध्याय म्हणून करा: एखाद्या मैत्रिणीला किंवा भावाला खऱ्या-खोट्या पत्राचा मजकूर द्या, पाठ करू दे, खिडकीशी बसवा, क्लोजअप, एकच टेक, कट नाही, म्युझिक नाही. बघताना तुम्हाला स्वतःला कुठे कंटाळा आला ते लिहून ठेवा. बहुतेक वेळा कंटाळा तिथे येतो जिथे डोळे अंधारात गेलेत. मग खुर्ची थोडी वळवा आणि परत घ्या.

सराव फुकटात करायचा तर ठाणे-वाशी लोकल पकडा. गाडी साधारण उत्तर-दक्षिण जाते, त्यामुळे वाशीकडे जाताना सकाळी ऊन डाव्या खिडक्यांतून आणि संध्याकाळी उजव्या, खाडीकडच्या बाजूने. रबाळे-घणसोलीच्या टप्प्यात समोरच्या सीटवरच्या चेहऱ्यांवर हा लाइट कसा येतो-जातो बघा. नुसतं बघायचं, अनोळखी लोकांचे फोटो काढत बसू नका, भांडण होईल आणि बरोबरच होईल.

करिअरचं काय

आता ज्यांना हे पोटापाण्यासाठी करायचंय त्यांच्यासाठी. निकविस्ट असिस्टंट लागला १९४१ मध्ये आणि 'द व्हर्जिन स्प्रिंग' आला १९६० मध्ये. मधली १९ वर्षं माणूस काम करत होता, फारसे कोणाच्या लक्षात नसलेले सिनेमे, आफ्रिकेत जाऊन डॉक्युमेंटरी, मिळेल ते. पहिला ऑस्कर मिळाला तेव्हा पन्नाशी उलटली होती. मधल्या काळात त्याने भारतातही एक सिनेमा केला, 'सिद्धार्थ', १९७२, शशी कपूर आणि सिमी गरेवाल, शूटिंग ऋषिकेश आणि भरतपूरकडे. तो आवर्जून बघा आणि प्रत्येक बाहेरच्या सीनला दिवसाची वेळ काय असेल ते ओळखत जा, आपलं ऊन बाहेरच्या माणसाने कसं हाताळलं त्याचा ह्याहून चांगला नमुना नाही.

आपल्याकडे रस्ते दोन-तीनच. पुण्याला एफटीआयआयची, म्हणजे सरकारी फिल्म इन्स्टिट्यूटची प्रवेशपरीक्षा देता येते, ती निघाली तर प्रश्नच नाही. नाहीतर कॅमेरा भाड्याने देणाऱ्यांकडे अटेंडंट म्हणून लागा, लेन्स पुसण्यापासून सुरुवात, मग फोकस पुलर (शॉट चालू असताना फोकस सांभाळणारा), मग असिस्टंट. घोडबंदर रोडवर सिरियलची सेट आहेत, तिथे काम मिळालं तर नाक मुरडू नका. लाइट सपाट असतो, मान्य, वरून सगळीकडे सारखा, कारण दिवसाला एपिसोडचा कोटा काढायचा असतो आणि नट कुठेही उभा राहिला तरी दिसला पाहिजे. पण हात तिथे बसतो, सेटवरचं बोलणं कळतं, लाइटमनशी ओळख होते, आणि जुना लाइटमन जे शिकवतो ते कुठल्या कोर्समध्ये नाही. डोळ्याची तालीम घरच्या खिडकीशी चालू ठेवायची, हाताची सेटवर. पुढे मोठ्या सेटवर जायचं तर वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशनचं कार्ड लागतं, त्याचे नियम त्यांच्याच ऑफिसात विचारा, ऐकीव माहितीवर पैसे भरू नका.

लग्नाची कामं करणाऱ्यांनी 'द सॅक्रिफाइस'मधला एक किस्सा लक्षात ठेवावा. शेवटी अख्खं घर जळतं, एका सलग शॉटमध्ये. स्वीडनच्या गॉटलंड बेटावर खरं घर बांधून खरंच पेटवलं. निकविस्टला एकाच कॅमेऱ्यावर हे घेणं पटत नव्हतं, त्याने विरोध केला, तरी एकच लावला, आणि घर पेटलेलं असताना कॅमेरा अडकला. घर जळून खाक, फिल्मवर काही नाही. मग दोन आठवड्यांत घर परत बांधलं, आणि ह्या वेळेला दोन कॅमेरे शेजारी-शेजारी ट्रॅकवर. आता अंतरपाट आठवा. शेवटची मंगलाष्टक संपते, भटजी अंतरपाट ओढतात, अक्षता उडतात, दोघं पहिल्यांदा एकमेकांकडे बघतात, सगळं दोन सेकंदांत, आणि नेमका मामा फ्रेममध्ये. तो क्षण परत बांधता येत नाही. पार्टीने एकाच कॅमेऱ्याचे पैसे दिले असले तरी मित्राचा फोन दुसऱ्या बाजूला स्टँडवर चालू करून ठेवा.

आणि कुठल्या डीओपीकडे, म्हणजे सिनेमाच्या मुख्य कॅमेरामनकडे, असिस्टंट म्हणून विचारायला जाल तेव्हा शोरीलमध्ये (आपल्या कामाच्या नमुन्याच्या व्हिडिओत) ड्रोन शॉट आणि स्लोमोशन भरू नका, ते सगळ्यांकडे असतात. ११ ते २ चे फोटो न्या, एकाच खोलीचे, पावसाळ्यातले आणि हिवाळ्यातले, सोबत वही. दहा मिनिटांत सांगता आलं पाहिजे की ह्या फोटोत लाइट कुठून आलाय आणि पुढच्या फोटोत तो का गेला. फोन करण्यापेक्षा आधी मेसेज टाका, छोटा, दोन ओळींचा, नाव आणि काय येतं ते, आणि ठाण्याहून फिल्मसिटीला सकाळी सातच्या कॉलटाइमला पोचू शकता की नाही ते खरं सांगा, कारण पहिला प्रश्न तोच येतो.